न्यायालयीन पुनर्विलोकन (भारत)

विधिमंडळाने केलेला कायदा राज्यघटनेशी सुसंगत आहे की नाही हे तपासण्याचा, आणि तो विसंगत आढळल्यास त्या विसंगतीपुरता शून्य ठरविण्याचा न्यायालयांचा अधिकार म्हणजे न्यायालयीन पुनर्विलोकन होय. भारतात हा अधिकार सर्वोच्च न्यायालय आणि उच्च न्यायालये यांच्याकडे आहे. संसदेचे व राज्य विधिमंडळांचे अधिनियम, अध्यादेश, शासनाने केलेले नियम व अधिसूचना आणि १९७३ पासून घटनादुरुस्त्यादेखील या तपासणीच्या कक्षेत येतात. न्यायालयाने स्वतःच्याच निकालाचा फेरविचार करावा यासाठी अनुच्छेद १३७ खाली केल्या जाणाऱ्या अर्जालाही मराठीत ‘पुनर्विलोकन याचिका’ म्हणतात. ती बाब वेगळी असून या लेखाचा विषय नाही.

घटनात्मक आधार

अमेरिकेच्या राज्यघटनेत न्यायालयांना असा अधिकार स्पष्ट शब्दांत दिलेला नाही. तेथे सरन्यायाधीश जॉन मार्शल यांनी १८०३ मध्ये मार्बरी विरुद्ध मॅडिसन या खटल्यात लेखी राज्यघटनेच्या स्वरूपावरून तो अनुमानाने काढला. भारतीय राज्यघटनेत मात्र तो लिहूनच ठेवलेला आहे. अनुच्छेद १३ (१) नुसार राज्यघटना अंमलात येण्यापूर्वीचे कायदे मूलभूत हक्कांशी जेवढ्यापुरते विसंगत असतील तेवढ्यापुरते शून्य ठरतात. अनुच्छेद १३ (२) राज्यसंस्थेला मूलभूत हक्क हिरावून घेणारा किंवा त्यांचा संकोच करणारा कायदा करण्यास मनाई करतो. मूलभूत हक्कांच्या रक्षणासाठी अनुच्छेद ३२ खाली थेट सर्वोच्च न्यायालयात जाता येते, डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी संविधान सभेत या तरतुदीला राज्यघटनेच्या आत्म्याची उपमा दिली होती. उच्च न्यायालयांचा अनुच्छेद २२६ खालील अधिकार त्याहून व्यापक आहे, कारण तो मूलभूत हक्कांपुरता मर्यादित नाही.

मूलभूत हक्कांचा भंग हे कायदा शून्य ठरण्याचे एकमेव कारण नव्हे. अनुच्छेद २४६ आणि सातवी अनुसूची यांनी विषयांची वाटणी संघसूची, राज्यसूची आणि समवर्ती सूची अशी केली आहे. राज्याने संघसूचीतील विषयावर कायदा केला तर त्यात कोणाच्याही हक्काला धक्का लागला नसला तरी तो अधिकारबाह्य ठरतो. समवर्ती सूचीतील विषयावर केंद्र आणि राज्य यांच्या कायद्यांत विरोध आल्यास अनुच्छेद २५४ प्रमाणे सामान्यतः केंद्राचा कायदा वरचढ ठरतो.

जिल्हा व तालुका पातळीवरील न्यायालयांना कायदा घटनाबाह्य ठरविता येत नाही. एखाद्या दिवाणी दाव्याचा निकाल कायद्याच्या वैधतेवर अवलंबून असेल आणि तो कायदा अवैध असल्याचे न्यायाधीशाचे मत झाले, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ११३ खाली त्याने तो प्रश्न उच्च न्यायालयाकडे निर्देशित करावा लागतो. राज्यघटनेच्या अर्थनिर्णयाचा महत्त्वाचा प्रश्न सर्वोच्च न्यायालयापुढे आल्यास अनुच्छेद १४५ (३) नुसार किमान पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने तो ऐकणे आवश्यक असते.

पूर्वपीठिका

कायद्याची वैधता तपासण्याची कल्पना भारतात १९५० मध्ये अचानक अवतरली नाही. ब्रिटिश पार्लमेंटने दिलेल्या मर्यादेतच भारतातील कायदेमंडळे कायदे करू शकत असल्याने ती मर्यादा ओलांडली गेली का, हा प्रश्न न्यायालयांपुढे येत असे. १८७८ मधील बुरा खटला हे त्याचे ठळक उदाहरण. त्यात प्रिव्ही कौन्सिलने कायदा वैध ठरविला, पण मर्यादा ओलांडली गेली का हे ठरविण्याचे काम न्यायालयांचे आहे हेही मान्य केले. १९३५ च्या भारत सरकार कायद्याने केंद्र व प्रांत यांच्यात विषयांची वाटणी केली आणि १९३७ मध्ये संघ न्यायालय स्थापन झाले. या न्यायालयाने १९४३ मध्ये, दुसरे महायुद्ध आणि ‘भारत छोडो’ आंदोलन दोन्ही ऐन भरात असताना, केशव तळपदे यांच्या प्रकरणात भारत संरक्षण नियमांपैकी स्थानबद्धतेचा नियम २६ मूळ कायद्याच्या अधिकाराबाहेरचा असल्याचा निर्णय दिला. सरकारने लगेच अध्यादेश काढून ती उणीव भरून काढली. न्यायालयाने कायदा पाडायचा आणि कायदेमंडळाने किंवा शासनाने तो सुधारून पुन्हा उभा करायचा, ही पुढील काळात वारंवार दिसणारी साखळी येथेच दिसते.

आरंभीचे निवाडे (१९५०–१९५५)

राज्यघटना लागू झाल्याच्या पहिल्या चार महिन्यांतच सर्वोच्च न्यायालयाने हा अधिकार वापरला. ए. के. गोपालन विरुद्ध मद्रास राज्य (१९५०) या खटल्यात प्रतिबंधक स्थानबद्धता अधिनियमाचा बहुतांश भाग वैध ठरला, पण स्थानबद्धतेची कारणे न्यायालयापुढेही उघड करण्यास बंदी घालणारे कलम १४ शून्य ठरले. त्याच महिन्यात रोमेश थापर यांच्या ‘क्रॉस रोड्स’ या मुंबईहून निघणाऱ्या साप्ताहिकावर मद्रास सरकारने घातलेली प्रवेशबंदी रद्द झाली. सार्वजनिक सुव्यवस्था हे कारण त्यावेळी अनुच्छेद १९ (२) मध्ये नव्हते. ते पहिल्या घटनादुरुस्तीने १९५१ मध्ये घालण्यात आले.

या काळातील अनेक मूलभूत सिद्धांत मुंबई प्रांतातील कायद्यांच्या निमित्ताने घडले. केशवन माधव मेनन विरुद्ध मुंबई राज्य (१९५१) हा खटला १९४९ मध्ये मुंबईत प्रसिद्ध झालेल्या एका पत्रकावरून उद्भवला. अनुच्छेद १३ (१) पूर्वलक्षी नाही, त्यामुळे राज्यघटनेपूर्वी घडलेल्या कृत्यांवरील खटले चालू राहू शकतात, असे त्यात ठरले. मुंबई राज्य विरुद्ध एफ. एन. बलसारा (१९५१) मध्ये १९४९ च्या मुंबई दारूबंदी अधिनियमाची परीक्षा झाली. ‘मद्य’ या शब्दाच्या व्याख्येत अल्कोहोल असलेली औषधे व प्रसाधनेही येत होती. तेवढा भाग आणि मद्यसेवनाची भलामण करण्यावरील बंदीसारख्या काही तरतुदी न्यायालयाने गाळल्या व उरलेला कायदा कायम ठेवला. अवैध भाग वेगळा काढता येत असेल तर संपूर्ण कायदा पाडू नये, हा विभाज्यतेचा सिद्धांत पुढे आर. एम. डी. चमारबागवाला विरुद्ध भारत सरकार (१९५७) या बक्षीस स्पर्धांविषयीच्या खटल्यात सविस्तर मांडला गेला.

भिकाजी नारायण धाकरस विरुद्ध मध्य प्रदेश राज्य (१९५५) मधून ‘ग्रहणाचा सिद्धांत’ आला. मध्य प्रांत व वऱ्हाडच्या १९४७ च्या मोटार वाहन दुरुस्ती कायद्याने खासगी वाहतूकदारांना बाजूला सारून सरकारला मक्तेदारी घेण्याची मुभा दिली होती. राज्यघटनेपूर्वीचा असा कायदा मूलभूत हक्कांमुळे मरत नाही, केवळ झाकोळला जातो. घटनादुरुस्तीने अडथळा दूर झाला की ग्रहण सुटावे तसा तो पुन्हा लागू होतो, असे न्यायालयाने म्हटले. राज्यघटनेनंतर केलेल्या कायद्यांना मात्र हा लाभ सामान्यतः मिळत नाही. ते जन्मतःच मृत मानले जातात.

मुंबई उच्च न्यायालयाच्या एका निकालाचा प्रभाव आजही ओसरलेला नाही. मुंबई राज्य विरुद्ध नरसू अप्पा माळी (१९५१) मध्ये मुख्य न्यायमूर्ती एम. सी. छागला आणि न्यायमूर्ती प्र. बा. गजेंद्रगडकर यांनी हिंदूंमधील द्विभार्याप्रतिबंधाचा १९४६ चा मुंबईचा कायदा वैध ठरविला. त्याबरोबरच, विधिमंडळाने संहिताबद्ध न केलेले व्यक्तिगत कायदे अनुच्छेद १३ मधील ‘कायदा’ या संज्ञेत येत नाहीत, असेही त्यांनी म्हटले. त्यामुळे विवाह, वारसा यांविषयीच्या रूढ नियमांची मूलभूत हक्कांच्या कसोटीवर थेट तपासणी होण्याच्या मार्गात मोठा अडसर उभा राहिला. या मतावर बरीच टीका झाली असून सर्वोच्च न्यायालयातील काही न्यायमूर्तींनीही त्याबद्दल साशंकता व्यक्त केली आहे.

सोलापूर गिरणी प्रकरण

पुनर्विलोकनाच्या पद्धतीचा अभ्यास करणाऱ्यास सोलापूरच्या एका कापड गिरणीचे प्रकरण विशेष उपयोगी आहे, कारण त्यात एकाच कायद्याबाबत तीन वर्षांच्या अंतराने दोन वेगळे निकाल मिळतात.

सोलापूर स्पिनिंग अँड वीव्हिंग कंपनीची गिरणी, जी शहरात ‘जुनी मिल’ म्हणून ओळखली जाते, ऑगस्ट १९४९ मध्ये बंद पडली. गैरव्यवस्थापनामुळे एका अत्यावश्यक वस्तूचे उत्पादन थांबले आणि कामगार बेकार झाले, असे कारण देऊन केंद्र सरकारने जानेवारी १९५० मध्ये अध्यादेश काढला व व्यवस्थापन आपण नेमलेल्या संचालकांकडे सोपविले. पुढे अध्यादेशाची जागा अधिनियमाने घेतली. भागधारकांचे भाग त्यांच्याच नावावर राहिले, परंतु संचालक निवडण्याचा व ठराव करण्याचा त्यांचा अधिकार निष्प्रभ झाला. चिरंजितलाल चौधरी या भागधारकाने अनुच्छेद ३२ खाली आव्हान दिले. देशात इतरही गिरण्या असताना केवळ एकाच कंपनीसाठी कायदा करणे हा समानतेचा भंग आहे, हा त्यांचा मुख्य मुद्दा होता.

डिसेंबर १९५० मध्ये पाच न्यायाधीशांच्या पीठाने तीन विरुद्ध दोन मतांनी याचिका फेटाळली. बहुमताच्या मते कायदा घटनेनुसारच आहे असे गृहीत धरून सुरुवात करावयाची असते, आणि तो तसा नाही हे दाखविण्याचा भार आव्हान देणाऱ्यावर असतो. एखाद्याची परिस्थितीच विशेष असेल तर एकाच व्यक्तीपुरता किंवा एकाच कंपनीपुरता कायदाही चालू शकतो. न्यायमूर्ती पतंजली शास्त्री व न्यायमूर्ती एस. आर. दास यांना हे पटले नाही. गैरव्यवस्थापन असलेल्या इतर कंपन्यांना वगळून एकीलाच निवडण्याचा आधार त्यांना कायद्यात दिसला नाही.

यानंतर सरकारनियुक्त संचालकांनी अग्रहक्क भागधारकांकडून प्रतिभाग ५० रुपये मागितले, तेव्हा द्वारकादास श्रीनिवास या भागधारकाने ही मागणी आणि तिच्या मुळाशी असलेला अध्यादेश, दोहोंनाही आव्हान दिले. मुंबई उच्च न्यायालयात त्यांना यश आले नाही. सर्वोच्च न्यायालयाने मात्र डिसेंबर १९५३ मध्ये त्यांच्या बाजूने निकाल दिला. कंपनीचे व्यवस्थापन नुकसानभरपाई न देता काढून घेणे हे प्रत्यक्षात मालमत्ता हिरावून घेणेच आहे व ते अनुच्छेद ३१ चा भंग करते, असे न्यायालयाने ठरविले. समानतेच्या कसोटीवर टिकलेली योजना मालमत्तेच्या हक्काच्या कसोटीवर कोसळली. त्याला उत्तर म्हणून १९५५ च्या चौथ्या घटनादुरुस्तीने मर्यादित काळासाठी व्यवस्थापन ताब्यात घेणाऱ्या कायद्यांना अनुच्छेद ३१अ मध्ये संरक्षण देण्यात आले.

तपासणीच्या कसोट्या

कायद्याच्या वैधतेचे गृहीतक हा आजही आरंभबिंदू आहे. शब्दांचे दोन अर्थ संभवत असतील व त्यांपैकी एकाने कायदा वाचत असेल तर न्यायालय तोच अर्थ स्वीकारते. कायदा शहाणपणाचा आहे की नाही, त्याहून चांगला उपाय होता की नाही, हे प्रश्न न्यायालयाचे नाहीत असे निकालपत्रांत वारंवार सांगितले जाते. हा संयम प्रत्यक्षात किती पाळला जातो हे मात्र प्रकरणागणिक व पीठागणिक बदलत आले आहे.

अधिकारक्षेत्राच्या वादात कायद्याचे नाव किंवा आनुषंगिक परिणाम न पाहता त्याचे मूळ सार कोणत्या सूचीत बसते हे पाहिले जाते. जे सरळ मार्गाने करण्याचा अधिकार नाही ते आडमार्गाने केले असेल तर त्यास छद्म विधिविधान म्हणतात. समानतेच्या प्रश्नात वर्गीकरण सुबोध भेदावर आधारलेले आहे का आणि त्या भेदाचा कायद्याच्या उद्दिष्टाशी तर्कसंगत संबंध आहे का, ही जोड कसोटी रामकृष्ण दालमिया विरुद्ध न्यायमूर्ती तेंडोलकर (१९५८) मध्ये एकत्रितपणे मांडली गेली. कायदा उघडपणे मनमानी असेल तर तेवढ्यानेही तो शून्य ठरू शकतो, हे २०१७ च्या शायरा बानो निकालापासून अधिक ठामपणे मान्य झाले आहे. त्याच वर्षीच्या पुट्टस्वामी निकालाने खासगीपणाचा हक्क मान्य करताना प्रमाणबद्धतेची कसोटी पुढे आणली: निर्बंधाला कायद्याचा आधार हवा, त्याचे उद्दिष्ट वैध हवे, आणि साध्याच्या मानाने साधन अतिरेकी नसावे.

घटनादुरुस्त्यांचे पुनर्विलोकन

साध्या कायद्याप्रमाणे घटनादुरुस्तीही न्यायालय तपासू शकते का, या प्रश्नाने संसद व न्यायपालिका यांच्यातील सर्वांत तीव्र संघर्ष उभा केला. शंकरी प्रसाद (१९५१) व सज्जन सिंग (१९६५) या खटल्यांत उत्तर नकारार्थी होते. गोलकनाथ (१९६७) मध्ये सहा विरुद्ध पाच मतांनी ते उलटले आणि संसदेला मूलभूत हक्कांचा संकोच करता येणार नाही असे ठरले. संसदेने १९७१ च्या चोविसाव्या दुरुस्तीने हा निकाल निष्प्रभ केला. केशवानंद भारती विरुद्ध केरळ राज्य या खटल्यात तेरा न्यायाधीशांनी ६८ दिवस युक्तिवाद ऐकला. याचिकाकर्त्यांतर्फे नानी पालखीवाला, तर केरळ राज्यातर्फे एच. एम. सीरवाई हे मुंबईचेच दोन विधिज्ञ समोरासमोर उभे होते. २४ एप्रिल १९७३ रोजी सात विरुद्ध सहा मतांनी निर्णय झाला: संसद राज्यघटनेचा कोणताही भाग बदलू शकते, पण तिची मूलभूत संरचना बदलू शकत नाही. न्यायमूर्ती एच. आर. खन्ना यांचे मत यात निर्णायक ठरले.

आणीबाणीत संमत झालेल्या बेचाळिसाव्या दुरुस्तीने (१९७६) पुनर्विलोकनाच्या अधिकारालाच हात घातला. उच्च न्यायालयांना केंद्रीय कायद्यांची वैधता तपासण्यास अनुच्छेद २२६अ ने मनाई केली. अनुच्छेद १४४अ नुसार सर्वोच्च न्यायालयात अशा प्रश्नासाठी किमान सात न्यायाधीश आणि कायदा पाडण्यासाठी दोन-तृतीयांश बहुमत आवश्यक केले गेले. या अटी केशवानंद किंवा गोलकनाथ यांच्या वेळी असत्या तर त्यातील एकही निकाल उभा राहिला नसता. जनता सरकारच्या काळात त्रेचाळिसाव्या दुरुस्तीने या तरतुदी रद्द झाल्या. घटनादुरुस्तीस न्यायालयात आव्हान देता येणार नाही, असे सांगणारी अनुच्छेद ३६८ मधील कलमे मात्र शिल्लक होती. ती मिनर्व्हा मिल्स (१९८०) मध्ये न्यायालयाने शून्य ठरविली. त्यातील बहुमताचा निकाल सरन्यायाधीश य. वि. चंद्रचूड यांनी लिहिला. केशवानंद खटल्यात ते अल्पमतात होते, हे लक्षात घेतले तर मूलभूत संरचनेचा सिद्धांत सात वर्षांत किती रुजला होता याची कल्पना येते.

उच्च न्यायालयांचा अनुच्छेद २२६ खालील आणि सर्वोच्च न्यायालयाचा अनुच्छेद ३२ खालील पुनर्विलोकनाचा अधिकार हा स्वतःच मूलभूत संरचनेचा भाग असल्याचे एल. चंद्रकुमार (१९९७) मध्ये ठरले. नवव्या अनुसूचीत २४ एप्रिल १९७३ नंतर घातलेल्या कायद्यांनाही तपासणीतून सूट नाही, असे आय. आर. कोएल्हो (२००७) ने स्पष्ट केले. न्यायाधीशांच्या नेमणुकीसाठी राष्ट्रीय आयोग आणणारी नव्याण्णवावी दुरुस्ती २०१५ मध्ये चार विरुद्ध एक मताने रद्द झाली.

महाराष्ट्रातील अलीकडील प्रकरणे

उपाहारगृहे व परमिट रूममधील नृत्यांवर राज्याने २००५ मध्ये मुंबई पोलीस अधिनियमात कलम ३३अ घालून बंदी आणली. कलम ३३ब ने मात्र तारांकित हॉटेलांना सूट दिली. एकाच प्रकारचे नृत्य एका ठिकाणी गुन्हा व दुसऱ्या ठिकाणी मनोरंजन कसे, हा प्रश्न निर्णायक ठरला. हजारो स्त्रियांची उपजीविका गेल्याचा मुद्दाही न्यायालयापुढे होता. उच्च न्यायालयाने २००६ मध्ये ही कलमे रद्द केली व सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये तो निकाल कायम केला. राज्याने २०१४ मध्ये सूट वगळून बंदी पुन्हा आणली. तिला स्थगिती मिळाल्यावर २०१६ मध्ये कडक अटींचा स्वतंत्र कायदा केला. त्यातील धार्मिक स्थळे व शाळा यांपासून एक किलोमीटर अंतराच्या अटीसह काही तरतुदी जानेवारी २०१९ मध्ये रद्द झाल्या, तर काही टिकल्या.

माहिती तंत्रज्ञान अधिनियमातील कलम ६६अ विरुद्धची याचिका नोव्हेंबर २०१२ मध्ये पालघर येथे फेसबुकवरील मजकुरावरून दोन तरुणींना झालेल्या अटकेच्या पार्श्वभूमीवर दाखल झाली. श्रेया सिंघल विरुद्ध भारत सरकार या खटल्यात २४ मार्च २०१५ रोजी ते कलम, त्यातील शब्द अतिशय मोघम असल्यामुळे व ते अभिव्यक्तिस्वातंत्र्याचा भंग करीत असल्यामुळे, संपूर्णपणे रद्द झाले. तरीही पोलीस ठाण्यांत या कलमाखाली गुन्हे नोंदविले जात राहिले आणि २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाला याबाबत पुन्हा निर्देश द्यावे लागले. रद्द झालेले कलम छापील पुस्तकातून आपोआप पुसले जात नाही, ही या अधिकाराची फारशी चर्चा न होणारी व्यावहारिक मर्यादा आहे.

मराठा समाजाला शिक्षण व नोकऱ्यांत १६ टक्के आरक्षण देणारा २०१८ चा कायदा मुंबई उच्च न्यायालयाने जून २०१९ मध्ये प्रमाण कमी करून (शिक्षणात १२ व नोकऱ्यांत १३ टक्के) वैध ठरविला. सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने ५ मे २०२१ रोजी हे आरक्षण रद्द केले. इंद्रा साहनी (१९९२) निकालातील ५० टक्क्यांची मर्यादा ओलांडण्याजोगी अपवादात्मक परिस्थिती दाखविली गेली नाही, असे पीठाचे मत होते. मागासवर्गांची यादी ठरविण्याचा राज्यांचा अधिकार एकशे दोनाव्या दुरुस्तीने संपुष्टात आला, हा त्यातील बहुमताचा अर्थ संसदेने काही महिन्यांतच एकशे पाचाव्या दुरुस्तीने बदलला. राज्य विधिमंडळाने फेब्रुवारी २०२४ मध्ये १० टक्के आरक्षणाचा नवा कायदा केला व त्यालाही न्यायालयात आव्हान देण्यात आले.

विधिमंडळाचे प्रत्युत्तर

न्यायालयाने कायदा पाडल्यावर विधिमंडळ तो निकाल लागू होणार नाही अशी नुसती घोषणा करू शकत नाही. श्री पृथ्वी कॉटन मिल्स (१९६९) या खटल्यात स्पष्ट झाल्याप्रमाणे, ज्या दोषामुळे कायदा पडला तो दोषच पूर्वलक्षी प्रभावाने का होईना, दूर करावा लागतो. दोष अधिकारक्षेत्राचा असेल तर तो उपाय त्या विधिमंडळाच्या हाती नसतो. मूलभूत हक्कांचा असेल तर घटनादुरुस्ती आणि तीही मूलभूत संरचनेच्या मर्यादेत, एवढाच मार्ग उरतो.

आक्षेप

लोकांनी निवडून दिलेल्या सभागृहाचा निर्णय न निवडलेल्या न्यायाधीशांनी का बदलावा, हा जुना आक्षेप आहे. ब्रिटनमध्ये तो बराचसा मान्य झालेला दिसतो. १९९८ च्या मानवी हक्क कायद्याखाली तेथील न्यायालय पार्लमेंटचा कायदा मानवी हक्कांशी विसंगत असल्याचे जाहीर करू शकते, पण रद्द करू शकत नाही. भारतातील समर्थक यावर लेखी राज्यघटनेचे श्रेष्ठत्व, संघराज्याची गरज आणि अल्पसंख्यांचे संरक्षण यांकडे बोट दाखवितात.

विलंबाचा आक्षेप अधिक ठोस आहे. निवडणूक रोख्यांची योजना २०१७ च्या वित्त अधिनियमातील बदलांवर उभी होती. तिला त्याच वर्षी आव्हान दिले गेले आणि ती १५ फेब्रुवारी २०२४ रोजी घटनाबाह्य ठरली. मधल्या काळात त्याच योजनेखाली लोकसभेची एक संपूर्ण निवडणूक पार पडली होती. वैधतेच्या गृहीतकामुळे न्यायालये कायद्याला अंतरिम स्थगिती देण्यास सहसा नाखूश असतात. त्यामुळे सुनावणी केव्हा होते यावरच अनेकदा पुनर्विलोकनाचा प्रत्यक्ष उपयोग ठरतो. सुनावणीची तारीख व पीठाची रचना ठरविण्याचा अधिकार सरन्यायाधीशांकडे असल्याने अलीकडील वादांत हा प्रशासकीय अधिकारही चर्चेचा विषय झाला आहे.